राजाचा उजवा खांदा

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोला नाही. वडील गेले तेव्हा त्यांच्या उशाशी तीन दिवस बसून होतो, ते शुद्धीवर होते, माझा हात त्यांच्या हातात होता — तेव्हाही नाही. तुम्हाला आज का सांगतोय? मन हलकं करायला नाही. ते हलकं व्हावं अशी माझी लायकी नाही. सांगतोय, कारण मला राग आलाय, आणि तो गिळायची ताकद आता उरलेली नाही.

गेल्या महिन्यात इथे सोलापुरात, आमच्या पेठेतल्या वाचनालयात माझा सत्कार झाला. शाल, नारळ आणि दोन भाषणं. दुसरे वक्ते शाळामास्तर होते, चांगले गृहस्थ. ते माझ्या जुन्या मूकपटातल्या एका जागेबद्दल बोलले. राजा मुलीचं कन्यादान करतो, आणि बाप-लेकीच्या चेहऱ्यांच्या मध्ये पडद्यावर नुसती पाण्याची धार दिसते — झारीतून पडणारी, हातांवरून ओघळणारी. तुम्हीही पाहिली असेल. पुष्कळांनी पाहिली. ते म्हणाले, "अशी जोडणी सुचायला मन निर्मळ असावं लागतं."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. आणि मी — मी उठून हात जोडले!

ती धार माझी नाही.

नाही, असं नको. असं सांगितलं तर वाटेल, दुसऱ्याची एक कल्पना उचलली, एवढंच. एवढंच असतं तर मी हे लिहायला बसलोही नसतो. चोर चोरी करतो आणि पळतो. मी पळालो नाही. मी त्या माणसाच्या खुर्चीवर बसलो, आणि अजून बसलेलो आहे.

त्यांचं नाव कार्लो. आडनाव आमच्यापैकी कुणालाच नीट म्हणता आलं नाही. इटलीतल्या तुरीन गावचे. चौदाव्या वर्षी तिथल्या एका चित्रपट कंपनीत फिल्मवरची धूळ पुसायला लागले आणि पंचविशीत मोठमोठ्या रोमन चित्रांची कापणी-जोडणी त्यांच्या टेबलावर व्हायला लागली. मग महायुद्ध झालं, तिकडच्या कंपन्या एकामागून एक बुडाल्या. हे जुन्या चित्रांची एक ट्रंक घेऊन विकायला मुंबईला उतरले आणि परत गेलेच नाहीत. आमचे मालक आप्पासाहेब कापडाचे व्यापारी. होटगी रस्त्यावर कापसाच्या एका जुन्या गोदामात त्यांनी चित्रं काढायची कंपनी थाटली होती. मुंबईच्या एका खेपेत त्यांना हा माणूस भेटला, आणि त्यांनी त्याला कापडाचा गठ्ठा आणावा तसा सोलापूरला आणला. जाहिरातीत छापलं — 'खास इटालियन तज्ज्ञ'.

तोवर जोडणीच्या टेबलावर कोण बसत होतं? मी. फोटोग्राफरच्या दुकानात काचांवर रंग भरायचं काम सोडून मी तिथं आलो होतो, आप्पासाहेबांच्या पहिल्या दोन चित्रांची जोडणी मी केली होती. साहेब आले आणि मी त्यांच्या बाजूच्या स्टुलावर गेलो.

त्यांना मराठी येत नव्हतं. पहिल्याच दिवशी ते एक शब्द शिकले — 'नको'. मी जोडलेला तुकडा खिडकीसमोर धरायचे, डोळे बारीक करायचे, आणि कात्री. "नको." फिल्म खाली. "नको, नको." आणखी खाली. एका आईचा विहिरीवरचा प्रसंग मी चार दिवस खपून लावला होता. त्यातली निम्मी फिल्म संध्याकाळपर्यंत माझ्या पायांशी पडली होती. फिल्म धुणारी माणसं दारात उभी राहून बघत होती. दुसऱ्या दिवसापासून माझं नाव पडलं. "काय ओ नको-मास्तर, आज किती फूट नको झालं?" रोज. डबा उघडला तरी. "मास्तर, चटणी नको की व्हय?"

आणि तो प्रसंग? साहेबांनी कापल्यावर तो पाहताना धुलाईवाल्यांपैकी एक जण रडला. मी जोडला होता तेव्हा तो जांभया देत होता. साहेब बरोबर होते, हेच मला सहन झालं नाही. ते उद्धट असते, दारूडे असते, आम्हाला काळे म्हणून हिणवत असते, तर माझ्या द्वेषाला काही आधार तरी असता. ते तसे नव्हते. आमच्यासोबत जमिनीवर बसून कडक भाकरी मोडायचे, शेंगाच्या चटणीवर करडीचं तेल ओतून घ्यायचे आणि डोळे मिटून म्हणायचे, "माझा घर." नाकापासून पसरलेल्या हाताच्या बोटापर्यंत फिल्म धरली की एक वार, एका वारात अठ्ठेचाळीस चित्रं, पडद्यावर तीन सेकंद — हे माप त्यांनी मला शिकवलं. पेठेतला कापडवाला मोजतो तसंच! ते हे मापून दाखवायचे आणि हसायचे. हात उचलला की इथे कापायचं, खाली येताना तिथे जोडायचं, म्हणजे डोळ्याला सांधा दिसत नाही — हेही त्यांनीच शिकवलं. काहीच हातचं राखलं नाही. मी मान डोलवायचो. आणि मनात म्हणायचो, एकदा तरी चूक. एकदा तरी.

आता येतो तिथे. येतोच.

राजकन्येच्या लग्नाचं ते चित्र. कन्यादानाच्या प्रसंगात छायाचित्र घेणाऱ्याने एक घोळ केला होता. राजाचा मुखडा आणि मुलीचा मुखडा, कमरेपासून वर, वेगवेगळे घेतलेले, पण कॅमेरा चुकीच्या बाजूला ठेवलेला. त्यामुळे पडद्यावर बाप आणि लेक एकमेकांकडे बघण्याऐवजी दोघंही एकाच भिंतीकडे बघत होते. पुन्हा चित्रीकरण शक्य नव्हतं. राजाचं काम करणारा नट नाटक कंपनीबरोबर दौऱ्यावर गेला होता. चित्र शुक्रवारी लागायचं होतं.

साहेबांनी यावर एक युक्ती काढली. राजाच्या तुकड्याची निगेटिव्ह उलटी धरून छापायची. मग डावं उजवं होतं, राजाचं तोंड फिरतं, आणि बाप लेकीकडे बघायला लागतो. त्यांनी मला खुणेने, मोडक्या मराठीत समजावलं आणि म्हणाले, "हुसेनला लिही." हुसेनचाचा आमचे छपाईवाले. साहेबांना मराठी लिहिता येत नसे, म्हणून चिठ्ठ्या माझ्या हातच्या जात.

मी तुकडा खिडकीसमोर धरला. उलटा धरला. राजा उघड्या अंगाने, खांद्यावर उपरणं, छातीवर जानवं.

माझे वडील भटजी होते, आणि त्यांची जास्त कामं श्राद्धपक्षाची. आमच्या घरात 'अपसव्य' हा शब्द मी मुळाक्षरांच्या आधी ऐकला. जानवं एरवी डाव्या खांद्यावर असतं. मेलेल्यांना पाणी द्यायचं तेव्हाच ते उजव्या खांद्यावर घेतात. तेव्हाच. आणि उलट्या धरलेल्या त्या फिल्ममध्ये राजाचं जानवं उजव्या खांद्यावर गेलं होतं. झारी त्याच्या डाव्या हातात गेली होती. मुलीच्या लग्नात बाप मेलेल्याचं पाणी सोडत होता.

मला दिसलं. सोलापुरात ते माझ्याआधी दुसऱ्या कुणाला दिसायला हवं होतं? हुसेनचाचांना? त्यांना जानव्याशी काय देणंघेणं! तुरीनच्या माणसाला?

"साहेब, थांबा" म्हणायला किती वेळ लागतो? मी नंतर मोजलंय. एक फूट फिल्म. सोळा चित्रं.

मी दौतीत टाक बुडवला आणि लिहिलं — 'राजाच्या तुकड्याची निगेटिव्ह उलटी छापा.' खाली सही केली. चिठ्ठी स्वतः नेऊन दिली. दुसऱ्या दिवशी छापून आलेल्या तुकड्याची कड मीच खरवडली, मीच तिला औषध लावून तो चिकटवला. पिकल्या केळ्यासारखा वास येतो त्या औषधाला. आज बाजारात केळ्यांच्या गाडीवरून जाताना मी श्वास धरतो. म्हणजे बोलायला एकदा नाही, तीनदा वेळ मिळाला होता. तिन्ही वेळा मी गप्प बसलो, आणि खरं सांगू — मजेत होतो. त्या दोन दिवसांत मला कुणी नको-मास्तर म्हटलं तर मी हसायचो.

शुक्रवारी पहिल्या खेळाला मी वडिलांना घेऊन गेलो. मुद्दाम? ते मी स्वतःला पुष्कळदा विचारलं. हो, मुद्दाम. दुसऱ्या कुणाच्या लक्षात नाही आलं तर त्यांच्या नक्की येईल, हे मला ठाऊक होतं. पण ते एवढ्या मोठ्याने ओरडतील हे माहीत नव्हतं.

राजाचा मुखडा आला आणि वडील खुर्चीवरून उठले. "अपसव्य! अरे, लग्नात अपसव्य! कन्यादान करतोय की श्राद्ध घालतोय?"

मग ज्याने पाहिलं नव्हतं त्यालाही दिसलं. शिट्ट्या, शिव्या, पडद्यावर चपला. लग्नसराईचे दिवस होते. बायकांच्या बाजूला एक बाई लग्न ठरलेल्या मुलीच्या डोळ्यांवर पदर धरून तिला ओढत बाहेर नेत होती, आणि ती मुलगी रडत होती. खेळ बंद पडला. आप्पासाहेब हात जोडून पडद्यासमोर उभे राहिले, तर त्यांच्यावरही काहीतरी आलं.

मला वाटलं होतं, लोक हसतील. साहेब ओशाळतील. आप्पासाहेब एवढंच म्हणतील, की शेवटी आपला माणूस तो आपला माणूस. एवढंच हवं होतं मला. मूर्ख!

थिएटरच्या मागच्या अंगणात आम्ही सगळे उभे. वडील पुढे आले, माझ्याकडे वळले. सगळ्यांसमोर. "नारायणा, तू तिथेच बसतोस ना? माझा मुलगा तू. तुझे डोळे कुठे होते?"

आप्पासाहेब म्हणाले, "मास्तर, खरं सांगा. तुमाला दिसलं न्हाय?"

'दिसलं नाही' म्हणालो असतो तर मी नालायक ठरलो असतो. एवढीच शिक्षा. नालायक जोडणीवाला, नालायक मुलगा. तेवढीही मला नको होती.

मी म्हणालो, "मी सांगितलं होतं त्यांना. साहेबांनी ऐकलं नाही."

हे माझं पाप. ते शब्द. आधीचं गप्प बसणं हलकटपणाचं होतं. पण ते निदान मुकं होतं. हे मी तोंडाने बोललो.

'सांगितलं' आणि 'ऐकलं' हे दोन शब्द साहेबांना येत होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. आता हा माणूस मला खोटारडा म्हणणार, कानाखाली मारणार — मी वाट बघत होतो. त्याऐवजी त्यांच्या कपाळाला आठी पडली. ठेवलेली वस्तू सापडत नाही तेव्हा पडते तशी. ते आठवत होते!

"तू सांगितला? केव्हा?"

"चिठ्ठी लिहिताना."

बघा, तपशीलही दिला मी. खोटं टिकावं म्हणून त्याला खुंटी मारली.

ते हळूच म्हणाले, "तू सांगितला असेल. मी नाही समजला." आणि आप्पासाहेबांकडे वळून, छातीवर हात ठेवून, "चूक माझी."

त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला. स्वतःच्या कानांपेक्षा माझ्यावर.

वडिलांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. आयुष्यात एकदाच. पुढे मरेपर्यंत जो भेटेल त्याला सांगायचे — आमच्या नारायणाने साहेबाला बजावलं होतं हो, पण तो मानतो कुठे! मी शेजारी उभा असायचो. मला त्यांचाही राग यायचा. त्यांचा काय दोष? काही नाही. तरी यायचा.

आप्पासाहेबांनी तिथेच सांगितलं, "सायेब, उद्यापासून येऊ नका." पण ते आले. सकाळी सातला, कोट घालून, ट्रंक फाटकाशी ठेवून. दुपारच्या गाडीने कुर्डुवाडीमार्गे मुंबईला जायचं होतं. मला वाटलं, भांडायला आले. ते सरळ टेबलाशी गेले, टाकून दिलेल्या तुकड्यांच्या पेटीत हात घातला आणि शोधत राहिले. झारीतून पडणाऱ्या पाण्याचा एक तुकडा होता, कुणीतरी सहज घेतलेला, दीड वार. तो गळ्याभोवती उपरण्यासारखा टाकून ते माझ्याकडे वळून म्हणाले, राजाचा आधी छापलेला, सरळ तुकडा लाव. राजा, मग पाणी, मग मुलगी. मध्ये पाणी आलं की कोण कुठे बघतोय ते डोळा विसरतो.

अर्धा तासही लागला नाही. मी खिडकीजवळ तो एक शब्द बोललो असतो तर हे त्यांना तेव्हाच सुचलं असतं, हे मला त्या अर्ध्या तासात कळलं. माझ्यासमोर, माझ्या हातांनी ते लागत होतं. तेव्हा तरी बोलायचं! गाडी सुटायला सहा तास होते. आप्पासाहेब दहा पावलांवर होते.

मी म्हणालो, "बरं, साहेब."

ते गेल्यावर हुसेनचाचांनी मला छपाईच्या खोलीत बोलावलं. खिळ्याला टोचलेल्या चिठ्ठ्यांतून एक काढून माझ्यासमोर धरली. "मास्टर, ये तुमीच लिखे थे ना? उलटी छापो करके?"

मी म्हणालो, "साहेबांनी सांगितलं म्हणून लिहिलं." ते खरंच होतं. खऱ्याच्या आड लपता येतं, हे मी त्या दिवशी शिकलो. चाचांनी चिठ्ठी माझ्या हातावर ठेवली. "मना करने वाला आदमी चिठ्ठी पे सही नै करता," एवढंच म्हणाले. त्यानंतर त्यांनी मला कधी मास्टर म्हटलं नाही. आप्पासाहेबांना ते काही बोलले नाहीत. का, ते मी विचारलं नाही. चिठ्ठी मी जाळली.

पुढच्या आठवड्यात चित्र पुन्हा लागलं. चाललं. पुण्यात चाललं, बेळगावात चाललं. पाण्याच्या धारेबद्दल लोक बोलायला लागले. चित्रावर नाव माझं होतं. त्या धारेवर मला पुढची सात चित्रं मिळाली, घर बांधलं. आणि त्यांना? या धंद्यातल्या कंपन्यांना एकमेकांच्या बातम्या पोचायला किती वेळ लागतो! लग्नात अपसव्य दाखवणारा साहेब — मुंबईत ज्या दारात गेले तिथे ते पोचण्याआधी ही गोष्ट पोचलेली असायची. पौराणिक चित्रांचे दिवस. असा माणूस कोण ठेवणार?

बोलपट आल्यानंतर मी एकदा मुंबईला चित्रं भाड्याने देणाऱ्या एका कचेरीत जुनी प्रत आणायला गेलो. मागच्या खोलीत टेबलाशी ते बसले होते. गावोगावहून परत आलेल्या फिल्मच्या कडा बोटांतून सोडत, फाटकी भोकं मोजत. तुरीनमध्ये चौदाव्या वर्षी ज्या कामाला लागले होते, जवळजवळ त्याच कामावर परत. चष्मा जाड झाला होता. मी मागे फिरलो, पण त्यांनी पाहिलं.

"नारायण!"

मराठी आता चांगलं येत होतं. तिथल्या कारकुनाला बोलावून त्यांनी माझी ओळख करून दिली. "हा माझा शिष्य. सोलापूरचा. ती गोष्ट मी तुम्हाला सांगतो ना, ती याचीच. याने मला सांगितलं होतं, मीच समजलो नाही. तेव्हा ठरवलं, आधी भाषा शिकायची." कारकून माझ्याकडे आदराने पाहत होता.

मग ते उठले. डाव्या खांद्यावर बोट ठेवलं, छातीवरून तिरकं खाली उजव्या कमरेपर्यंत नेलं. "लग्नात असं." मग उजव्या खांद्यावर. "मेलेल्यासाठी असं." शाळेत पाठ म्हणून दाखवतात तसं, माझ्या तोंडाकडे बघत.

"बरोबर?"

"बरोबर, साहेब."

मी प्रत घेतली आणि निघालो. ते आता कुठे आहेत मला माहीत नाही. मी चौकशी केलेली नाही.

त्यांना मराठी कमी येत होतं म्हणून ते घडलं नाही. त्या दिवशी खिडकीजवळ मी त्यांना काहीही सांगितलं नव्हतं. मी पाहिलं, आणि स्वच्छ अक्षरात 'उलटी छापा' असं लिहिलं.